सगळं आहे तरी आतून रिकामं वाटतं, काय करू?

"ताई, मी २६ वर्षांची. घरात कशाचीच कमी नाही, शिक्षण बाहेर झालं, बाबांच्या ओळखीने नोकरीही लागली. तरी रोज वाटतं की माझ्यावाचून कुणाचंच काही अडत नाही. ध्यान शिबिर केलं, कोर्स केले, एका संस्थेत दोन शनिवार गेले, नुसते फोटो निघाले आणि जास्तच लाज वाटली. मैत्रिणी म्हणतात सुख दुखतंय तुला. नोकरी सोडू का?"

अगं, मैत्रिणींचं सोड. तुझं दुखणं खरं आहे आणि ते तू स्वतःच लिहिलंयस, कुणाचं अडत नाही हेच ते.

जेन अ‍ॅडम्स म्हणून अमेरिकेत एक बाई होऊन गेली, सधन घरातली, कॉलेज झाल्यावर कितीतरी वर्षं तिची अशीच गेली, आजारपण, युरोपच्या ट्रिपा, आणि मनात सतत की आपला उपयोग काय. १८८९ मध्ये मैत्रिणीला घेऊन ती शिकागोच्या गरीब वस्तीत राहायलाच गेली. आधी तिथे पुस्तकवाचन वगैरे सुरू केलं पण शेजारच्या बायकांचा प्रश्न वेगळाच होता, कामावर जाताना लेकरं ठेवायची कुठे, मग तिने ती लेकरं सांभाळायची सोय केली. १८९५ मध्ये तर ती वॉर्डाची कचरा इन्स्पेक्टर झाली, सकाळी सकाळी कचऱ्याच्या गाड्यांच्या मागे जायची, गाडी खरंच कचरा उचलते का बघायला! पुढे १९३१ चं शांततेचं नोबेल मिळालं तिला, पण मला ती गाडीमागची जेनच जास्त आवडते.

तू पण एकच जागा धर, ठरलेला वार, ठरलेली वेळ, निदान वर्षभर. काम असं घे की तू गेली नाहीस तर कुणीतरी वाट बघत बसेल, म्हणजे एखाद्या मुलीचं गणित, किंवा एकट्या आजींना दवाखान्यात नेणं. आणि सुरुवातीला आपल्या आयडिया सांगू नकोस, नुसतं विचार काय हवंय. दोनेक महिन्यांत कंटाळा येईलच, नेमकं तेव्हा सोडू नकोस प्लीज, तुझे आधीचे सगळे प्रयत्न त्याच्याआधीच संपलेत.

पैशाची लाज बाळगून कुणाचंच भलं होत नाही गं, तुझ्याकडे गाडी आहे, वेळ आहे, ते वापर. नोकरी आत्ता सोडू नकोस, हाताला काही लागलं नसताना घरी बसलीस तर दिवसभर हाच विचार करत बसशील. बाबांना मात्र सांगून टाक की तो ठरलेला वार माझा, त्या दिवशी ऑफिसचं काही नको.