इथिओपियन बीफ वॉट घरी केला की रस्सा पाणचट होतो आणि मसाला कच्चट लागतो, काय चुकतंय?

तुम्ही लिहिलंय की फ्रँकफर्टला इथिओपियन हॉटेलात बीफचा लाल वॉट, म्हणजे त्यांचा दाट रस्सा, खाल्ला, मग बर्बेरे (त्यांचा लाल मिरच्यांचा मसाला) आणून घरी केला तर रस्सा पातळ झाला आणि तिखट नुसतं घशाला लागलं. तुमची कृती वाचली, त्यात तेलावर कांदा गुलाबी परतून लगेच मसाला आणि मीट घातलंय, म्हणजे आपण घरी रस्सा करतो तसंच. गडबड तिथेच आहे. मी व्हर्जिनियात राहते, वॉशिंग्टनच्या आसपास इथिओपियन लोक भरपूर आहेत, आणि मी हे शेजारच्या इथिओपियन काकूंच्या ओट्यापाशी उभं राहून शिकले, त्यामुळे खात्रीने सांगते की वॉट म्हणजे आधी कांदा, बाकी सगळं नंतर.

1 किलो बीफला जवळजवळ 1 किलो लाल कांदा घ्या, हो, एवढा लागतो, कारण रश्शाला दाटपणा फक्त कांद्याचाच असतो, पीठ नाही, खोबरं नाही, काही नाही. अगदी बारीक चिरा आणि जाड बुडाच्या पातेल्यात कोरडाच टाका, तेलाचा थेंब नको. मंद आचेवर आधी त्याला पाणी सुटतं, ते आटलं की आवाज बदलतो, चरचर व्हायला लागते आणि कांदा बुडाला धरायला लागतो, तेव्हा चमचाभर गरम पाणी शिंपडून लाकडी उलथण्याने खरवडायचं, परत धरला की परत शिंपडायचं. पाऊण तास तरी लागतो. कांद्याचे तुकडे दिसेनासे होऊन सगळा तपकिरी गोळा पातेल्याची कड सोडायला लागला की झालं, पण काळा पडू देऊ नका, कडवट होतो.

मग तूप, म्हणजे त्यांचं मसाला घालून कढवलेलं निटर किब्बेह. विकतचं महाग वाटत असेल तर लोणी कढवताना त्यात थोडा कांदा, लसूण, आलं, चिमूटभर हळद, मेथीदाणे आणि वेलची टाका, मंद आचेवर कढवून गाळून घ्या. तिकडे कोसेरेत नावाचा पालासुद्धा घालतात, दुकानात वाळवलेला मिळाला तर नक्की आणा, वासात खूप फरक पडतो. 1 किलोला अर्धी वाटी तूप घाला, कंजूषी नको.

तुपावर आलं-लसणाचं वाटण आणि 3-4 मोठे चमचे बर्बेरे. हे पण लगेच उरकायचं नाही! पाण्याचे हबके मारत मारत 20-25 मिनिटं परता, कडेने लाल तूप सुटेपर्यंत, तुमचा कच्चटपणा इथे जाईल. आपल्याकडे उन्हाळ्यात वर्षाचा मसाला करतात ना तसाच बर्बेरे तिकडे घरोघरी करतात, मिरच्या आलं-लसूण आणि पाल्यासकट कुटून उन्हात वाळवायच्या, त्यात सताप आणि तुळशीच्या जातीतलं बेसोबेला असतं, मग ओवा, कलौंजी, मेथी आणि कोरारिमा ही तिकडची वेलची. त्यामुळे नुसतं लाल तिखट आणि गरम मसाला घालून ती चव येणार नाही, तुम्ही दुकानातून आणलात ते बरोबर केलंत.

मीट खांद्याचं किंवा नळीचं घ्या, थोडी चरबी असलेलं, चरबी नसलेलं चिवट आणि कोरडं लागतं. छोटे तुकडे करून मसाल्यात परता, गरम पाणी जेमतेम बुडेल एवढंच, झाकण ठेवून दीड-दोन तास मंद आचेवर. मीठ आणि कुटलेली कोरारिमा शेवटी. टोमॅटो प्युरी बरेच जण घालतात, मी घालत नाही, आंबटपणा सोबतच्या इंजेऱ्याचा (आंबवलेल्या पिठाचा, डोशासारखा प्रकार) पुरतो. पोरांना तिखट झेपत नसेल तर त्यांच्यासाठी बर्बेरे वगळून हळदीचा करा, त्याला अलिचा म्हणतात, तो पण फार छान लागतो.

इंजेऱ्यासाठी टेफचं (तिकडचं बारीक धान्य) पीठ 2-3 दिवस आंबवावं लागतं, तेवढा वेळ नसेल तर तयार आणा. तिकडे ज्वारीचाही करतात, त्यामुळे ज्वारीचं पीठ आंबवून पातळ घातलंत तरी चालेल, फक्त उलटायचा नाही, झाकण ठेवून एकाच बाजूने भाजायचा. सोबत दूध फाडून केलेला ताजा, मोकळा छाना ठेवा, तिखट एकदम आवरतं.

आणि कुकर चालेल का विचारलंत, तर मीट शिजवायला खुशाल लावा, पण कांदा उघड्या पातेल्यातच झाला पाहिजे, कुकरमध्ये पाणी आटत नाही. झाकण उघडल्यावर परत 15 मिनिटं आटवा, वर तूप तरंगायला लागलं की गॅस बंद.