कृषी केंद्र चालवणाऱ्याला राजकारणात पुढे जाता येतं का?

नक्की येतं. कोराडीचे चंद्रशेखर बावनकुळे आधी ऑटोरिक्षा चालवायचे. मग नागपूर जिल्हा परिषद, २००४ मध्ये कामठीची आमदारकी, पुढे मंत्रिपद.

तुमच्या दुकानात पेरणीच्या वेळी अर्धं गाव बियाणं-खत उधारीवर न्यायला येतं. ओळख तिथेच होते. पण कापूस विकला गेल्यावर तुम्ही वसुली कशी करता, हेही लोक मतदानापर्यंत विसरत नाहीत, आणि माझ्या मते सगळं त्यावरच ठरतं. बाजार समितीत व्यापारी-अडत्यांना दोनच जागा, म्हणून सुरुवात ग्रामपंचायतीपासून करा. वय २१ पूर्ण असलं की उभं राहता येतं. निवडून आल्यावर मात्र ग्रामपंचायतीच्या कोणत्याही कंत्राटात स्वतःचा हिस्सा ठेवू नका. त्यावरून सदस्यत्व रद्द होतं.