४९८अ मध्ये तडजोड झाली, तरी कोर्टाच्या तारखा का थांबत नाहीत?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: भाऊ, आई-वडील आणि तुम्ही, अशा चौघांवर कोल्हापूर जिल्ह्यातल्या करवीर तालुक्यात ४९८अ (विवाहितेचा सासरी छळ), ३२३ (मारहाण), ५०४ (अपमान), ५०६ (धमकी) चा गुन्हा. चार्जशीट झालंय. वहिनींशी आता तडजोड झाली, स्टॅम्पवर लिहून पोलीस ठाण्यात दिलं, तरी तारखा सुरूच.

त्या स्टॅम्पनं केस बंद होत नाही. गुन्हा नोंदला की खटला सरकारचा होतो. फिर्यादी बाई तो परस्पर मागे घेऊ शकत नाहीत आणि चार्जशीट गेल्यावर पोलिसांच्याही हातात काही उरत नाही. वर 'अमुक रक्कम घेऊन केस मागे घेते' एवढंच लिहिलं असेल तर बेकायदा हेतूचा करार रद्द ठरवणाऱ्या करार कायद्याच्या कलम २३ पुढे ते टिकणं कठीण.

३२३, ५०४ आणि साधी धमकी असेल तर ५०६ ही कलमं तडजोडयोग्य आहेत, ती खालच्या कोर्टातच मिटतात. अडतं ते ४९८अ वर. ते तडजोडयोग्य नाही, म्हणून लोकअदालतीतही मिटत नाही. त्यासाठी उच्च न्यायालयातच गुन्हा रद्द करून घ्यावा लागतो. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली व्हायचं, १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ५२८ आलं. वैवाहिक वादात असा गुन्हा रद्द करता येतो हे सर्वोच्च न्यायालयानं २००३ मध्ये बी. एस. जोशी आणि २०१२ मध्ये ग्यान सिंग प्रकरणात सांगितलंय. ऑगस्ट २०२५ पासून त्यासाठी मुंबईही गाठावी लागत नाही. कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच बसतं.

याचिकेत अर्जदार म्हणून चौघंही हवेत. नुसत्या नवऱ्याचं नाव घातलं तर गुन्हा त्याच्यापुरता रद्द होतो आणि म्हातारे आई-वडील तारखा करत राहतात. सरकार आणि वहिनी प्रतिवादी. सोबत एफआयआर, चार्जशीट, तडजोडीच्या अटी आणि वहिनींचं संमतीचं प्रतिज्ञापत्र. महाराष्ट्रात कोर्टात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक लागत नाही, त्यामुळे पुन्हा स्टॅम्प घेऊ नका. सुनावणीला वहिनींनी ओळखपत्र घेऊन हजर राहावं, शक्यतो स्वतःच्या वकिलासह. दबाव आहे का, पैसे मिळाले का, हे न्यायमूर्ती त्यांनाच विचारतात. तिथं त्या अडखळल्या तर तारीख पडते, प्रसंगी याचिकाच फेटाळली जाते.

खरी कसोटी अटी लिहिताना लागते. पैसे दिले आणि संमती आलीच नाही तर, ही सासरची भीती. संमती दिली आणि पैसे बुडाले तर, ही माहेरची. म्हणून रकमेचे टप्पे पाडा: काही भाग संमतीच्या घटस्फोटाच्या अर्जाबरोबर, आणि शेवटचा डीडी उच्च न्यायालयातल्या सुनावणीच्या दिवशी, कोर्टासमोर. स्त्रीधनाची यादी वजनासह लिहा, परत दिल्याची पोच घ्या. पोटगी, कौटुंबिक हिंसाचार, घटस्फोट, जे जे दावे चालू असतील ते केस नंबरासह लिहा. 'सर्व केसेस मिटल्या' या मोघम वाक्यावर पुढं भांडणं होतात. मूल असेल तर त्याच्या पोटगीचा हक्क आई सोडून देऊ शकत नाही, तेव्हा तसं कलम घालूच नका.

'उच्च न्यायालय कशाला, साक्ष फिरवायला लावा, सुटाल,' असा सल्ला कट्ट्यावर हमखास मिळेल. ऐकू नका. शपथेवर खोटं बोलल्याची कारवाई वहिनींवर होऊ शकते, आणि साक्षीचा टप्पा येईपर्यंत वर्षं जातात. उलट उच्च न्यायालयात लवकर गेलेलं बरं. २०१४ च्या नरिंदर सिंग निकालाप्रमाणे तडजोड कोणत्या टप्प्यावर झाली हेही पाहिलं जातं. पुरावा संपून निकाल तोंडावर आल्यावर कोर्ट सहसा हात आखडतं.

याचिका दाखल केली म्हणून खालच्या कोर्टातली हजेरी चुकवू नका. स्थगिती नसेल तर तो खटला चालूच असतो आणि गैरहजेरीत वॉरंट निघतं. गुन्हा रद्द झाल्यावर आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल काढून एक प्रत खालच्या कोर्टात आणि एक पोलीस ठाण्यात पोच घेऊन द्या, नाहीतर पासपोर्टच्या पडताळणीत तोच गुन्हा पुन्हा 'प्रलंबित' म्हणून वर येतो.