वाचकांचे प्रश्न : आन्सेल्मो दुआर्ते

प्रश्न : सत्यजित राय यांचा ‘देवी’ १९६२ साली कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता, पण सर्वोच्च पारितोषिक एका ब्राझिलियन चित्रपटाला मिळाले. त्याचा दिग्दर्शक मूळचा अभिनेता होता असे वाचले. तो कोण, आणि त्याचे नाव आज फारसे का घेतले जात नाही? – एक वाचक, सातारा

उत्तर : त्या दिग्दर्शकाचे नाव आन्सेल्मो दुआर्ते. साओ पावलो राज्यातील साल्तो या गावी १९२० साली त्यांचा जन्म झाला. चाळीसच्या दशकाच्या अखेरीस ते पडद्यावर आले आणि देखण्या नायकाच्या भूमिकांमुळे लवकरच लोकप्रिय झाले. रिओच्या अत्लांतिदा कंपनीच्या गाण्यानाचाच्या विनोदी चित्रपटांत, तसेच साओ पावलोजवळच्या व्हेरा क्रूझ स्टुडिओच्या खर्चिक निर्मितींत त्यांनी कामे केली. ‘तिको-तिको नो फुबा’मध्ये (१९५२) त्यांनी संगीतकार झेकिन्या दि अब्रेऊ यांची भूमिका केली, तर ‘सिन्या मोसा’ (१९५३) हा गुलामगिरीच्या निर्मूलनाच्या काळातला चित्रपट होता.

दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला कथापट १९५७ चा. टेलिफोन डिरेक्टरी तोंडपाठ असलेला छापखान्यातील एक कामगार दूरचित्रवाणीवरील प्रश्नमंजूषेत उतरतो, अशी त्याची हलकीफुलकी कथा असून नायक स्वतः दुआर्तेच होते. त्यामुळे त्यांनी पुढे दियास गोमिस यांचे ‘ओ पागादोर दि प्रोमेसास’, म्हणजे ‘नवस फेडणारा’, हे गंभीर नाटक पडद्यासाठी निवडले, तेव्हा ती उडी मोठीच होती. कानमध्ये विजयी ठरलेला चित्रपट तो हाच.

झे हा साधा शेतकरी. त्याचे लाडके गाढव जखमी होते, तेव्हा तो कांदोम्ब्ले या आफ्रिकी मुळांच्या पंथाच्या देवस्थानात संत बार्बराला नवस बोलतो. गाढव बरे झाल्यावर तो खांद्यावर भलामोठा क्रूस घेऊन साल्वादोर शहरातील चर्चपर्यंत पायी येतो. नवस परक्या देवस्थानात बोलला गेला म्हणून पाद्री दार उघडत नाही, आणि दिलेला शब्द मोडायला झे तयार होत नाही. नवसापोटी त्याने आपली जमीनही गरिबांत वाटली, एवढ्यावरून वार्ताहर त्याला जमीन-सुधारणांचा पुढारी ठरवतात. हे सारे बहुतांशी चर्चच्या पायऱ्यांवरच घडते. दुआर्ते यांनी त्या पायऱ्यांचाच रंगमंच केला, हे या चित्रपटाचे खरे सामर्थ्य होय. रंगभूमीवर झे साकारणारे लेओनार्दो व्हिलार यांच्याकडेच त्यांनी ती भूमिका सोपवली. अभिनेत्याला अभिनेत्याची पारख असते, ती इथे दिसते. श्रद्धेच्या आडून माणसाची होणारी कोंडी ‘देवी’तही आहे, म्हणून दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहावेत, अशी आमची शिफारस आहे.

त्या वर्षीच्या स्पर्धेत अंतोनियोनी, ब्युन्युएल आणि ब्रेसाँ यांचेही चित्रपट होते. त्यांच्यातून ‘पाम द’ओर’, म्हणजे कानचे सर्वोच्च पारितोषिक, मिळवणारा हा आजवरचा एकमेव ब्राझिलियन चित्रपट असून त्याला ऑस्करचे नामांकनही लाभले. तरीही मायदेशी दुआर्ते यांच्या वाट्याला उपेक्षाच अधिक आली. ग्लाउबेर रोशा प्रभृती ‘सिनेमा नोव्हो’ (‘नवा सिनेमा’) या ब्राझिलियन चित्रपट-चळवळीतील तरुण दिग्दर्शकांना स्टुडिओच्या पठडीत घडलेल्या या नायकाची नीटस, सरळ कथनशैली जुनाट वाटे. आमच्या मते हा आक्षेप अन्यायकारक होता, कारण ज्या भूमिहीन, श्रद्धाळू जनतेविषयी ते तरुण तळमळीने बोलत होते, तीच जनता दुआर्ते यांनी त्या पायऱ्यांवर आणून उभी केली होती. त्यांचा पुढचा चित्रपट ‘व्हेरेदा दा साल्व्हासांव’ (१९६५) गरीब शेतमजुरांमधील धार्मिक उन्मादावर होता. तो बर्लिनच्या स्पर्धेत गेला, पण कानसारखे यश पुन्हा आले नाही.

अभिनय मात्र त्यांनी सोडला नाही. ‘नाव्हेस बंधूंचे प्रकरण’ (१९६७) या लुईस सेर्जियो पेर्सोन यांच्या चित्रपटात, निरपराध भावांकडून छळ करून कबुलीजबाब वदवून घेणारा पोलीस अधिकारी त्यांनी साकारला. एके काळच्या लाडक्या नायकाच्या चेहऱ्यावरचे ते थंड क्रौर्य पाहिल्यावर त्यांच्या अभिनयाची खोली ध्यानात येते. २००९ च्या नोव्हेंबरात साओ पावलो येथे, वयाच्या ८९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.