चौथीतल्या मुलीला समसंबंध कसे समजावून सांगू?

तुम्ही लिहिलंय की शिष्यवृत्तीच्या पुस्तकातले समसंबंध, म्हणजे पहिल्या जोडीतला संबंध ओळखून दुसरी जोडी पूर्ण करायचे प्रश्न, मुलीकडून दोनदा सोडवून घेतले, तरी नवी जोडी आली की ती चुकते. मी नागपुरात प्राथमिकच्या मुलांना शिकवते. माझं ऐकाल तर आठवडाभर तिला उत्तर विचारूच नका, संबंध विचारा.

'डॉक्टर : दवाखाना :: शिक्षक : ?' यावर माझ्या वर्गात दरवर्षी कुणीतरी 'विद्यार्थी' म्हणतं. शिक्षक म्हटल्यावर विद्यार्थी आठवणारच, पण तो पहिल्या जोडीतला संबंध नव्हे. म्हणून पर्याय हाताने झाकायचे आणि पहिल्या जोडीचं पूर्ण वाक्य तोंडाने म्हणायला लावायचं: 'डॉक्टर दवाखान्यात काम करतात.' मग त्याच वाक्यात शिक्षक बसवायचे. 'डॉक्टर दवाखान्याचे असतात' असं ढिलं वाक्य चालवून घेऊ नका, त्यात काहीही बसतं.

हे चौथीच्या मुलीला जड नाही. उषा गोस्वामी आणि अॅन ब्राउन यांनी १९९० च्या सुमारास 'पक्षी : घरटं :: कुत्रा : ?' अशा जोड्या चित्रांतून लहान मुलांना दिल्या होत्या. पर्यायांत हाडूक मुद्दाम ठेवलं होतं. तरी संबंध ओळखीचा असला की चार वर्षांची मुलंही पुष्कळदा कुत्र्याचं घर निवडत.

वाक्य बरोबर येतं आणि तरी उत्तर अडतं, तेव्हा अडचण शब्दाची असते. माझ्या भाच्याला संत्रा सोलताना विचारलं, संत्र्याची फोड, तर लसणाची काय? तो म्हणाला, "फोडच." संबंध त्याला अगदी नीट कळला होता, फक्त 'पाकळी' हा शब्द त्याच्याजवळ नव्हता. त्या दुपारी आम्ही फणसाचा गरा, डाळिंबाचा दाणा, केळ्यांचा घड आणि फणी असं करत बराच वेळ बसलो. मराठीत या बाबतीत फार श्रीमंती आहे: भाकऱ्यांची चवड, नाण्यांची चळत, किल्ल्यांचा जुडगा, लाकडांची मोळी. हे शब्द यादीतून पाठ करवू नका. कॉटन मार्केटला भाजी घ्यायला जाल तेव्हा तिला सोबत न्या, स्वयंपाकघरात हाताशी बसवा. वस्तू हातात असताना कळलेला शब्द राहतो.

आपल्याकडची एक गोष्ट मला मनापासून सांगायची आहे. 'गाय : वासरू :: म्हैस : ?' याला एका मुलीने 'वगार' लिहिलं, पुस्तकात 'रेडकू' होतं. वगार म्हणजे म्हशीचं मादी पिल्लूच. तिच्या घरी म्हशी होत्या, तिचा विचार पक्का होता. अशा वेळी 'चूक' म्हणून फुली मारू नये. 'तुझा शब्द बरोबर आहे, पेपरात रेडकू लिही' एवढं सांगावं. विदर्भात कोथिंबिरीला सांबार म्हणतात, त्याचंही तसंच; ती समानार्थी शब्दांची आयती जोडी आहे.

दिशेकडेही लक्ष ठेवा. 'वासरू : गाय :: करडू : ?' इथे पिल्लू आधी आलंय, आणि घाईत मुलं 'कोकरू' लिहून मोकळी होतात. इथेही वाक्यच वाचवतं.

दोन-चार दिवसांनी तिलाच जोड्या करायला सांगा. माझ्या वर्गातल्या एका पोराने तान्ह्या पोळ्याच्या (आपल्याकडचा लहान मुलांचा पोळा) दुसऱ्या दिवशी मला घातलेला प्रश्न: 'पोळा : बैल :: तान्हा पोळा : ?' मी 'लाकडी बैल' म्हणाले, तर तो म्हणतो, "मॅडम, आधी वाक्य सांगा."