लेजर जुळत नाही म्हणून पैसे अडकलेत

प्रश्न : नमस्कार ताई, आमचा पुठ्ठ्याचे खोके बनवायचा छोटा कारखाना आहे. एका कंपनीला सहा वर्षं माल दिला, बिलावर ६० दिवसांची उधारी लिहिलेली, पण पैसे कधी बिलागणिक आलेच नाहीत, आले की रकमी यायचे आणि आम्ही खात्याला जमा करायचो. शेवटचा माल जाऊन आता दोन वर्षं आठ महिने झाले. आमच्या लेजरला (खातेवहीला) ८,४०,००० येणं दिसतं, त्यांचं अकाउंट्स म्हणतं आमच्याकडे ५,१०,०००च देणं आहे, आधी हिशोब जुळवा. चौदा महिन्यांपूर्वी तसा ईमेलच केला, वाचून इतका संताप आला की उत्तरच दिलं नाही. फरक आहे तो खराब मालाच्या नावाखाली टाकलेल्या डेबिट नोटांचा (म्हणजे आमच्या येण्यातून रक्कम वजा केल्याच्या त्यांच्या चिठ्ठ्या), आणि त्या आल्या माल उतरल्यावर पाच महिन्यांनी. सीए म्हणतात चालू खातं आहे, कोर्टात दावा लावायच्या मुदतीचं टेन्शन घेऊ नका. खरंय का?

उत्तर : नाही हो, आणि याचीच मला सगळ्यात जास्त काळजी वाटतेय. चालू खात्याची जी खास मुदत आहे ती दोन्हीकडून देणंघेणं असेल तर, म्हणजे तुम्ही त्यांना माल द्यायचा आणि त्यांचाही काही स्वतंत्र व्यवहार तुमच्याकडे असायचा. तुमचा माल एकाच बाजूने जात होता, नुसते पैसे रकमी आले म्हणून ते तसलं खातं होत नाही. त्यामुळे प्रत्येक बिलाचे ६० दिवस संपले की तिथून तीन वर्षं, बिलागणिक वेगळी मोजायची. शेवटच्या बिलाला साधारण सहा महिने उरलेत, त्याच्या आधीच्यांना त्याहून कमी.

पण ज्या ईमेलचा तुम्हाला राग आला ना, तोच तुमचा सगळ्यात भारी कागद आहे! मुदत कायदा १९६३, कलम १८ : मुदत संपायच्या आत देणेकऱ्याने सहीनिशी लेखी कबुली दिली की त्या तारखेपासून मुदत नव्याने सुरू होते. ५,१०,००० देणं आहे असं त्यांनीच लिहिलंय, ईमेलमधली कबुलीही कोर्टांनी धरलेली आहे, म्हणजे तेवढ्या रकमेला अजून बावीसेक महिने आहेत. तरी लेटरहेडवर सही-शिक्क्याचं बॅलन्स कन्फर्मेशन, म्हणजे इतकं देणं बाकी आहे असं पत्र, मागाच, सहीवरून वाद नको. वादातल्या ३,३०,०००ना मात्र ही कबुली लागू आहे असं धरून बसू नका, त्यांचं घड्याळ जुनंच समजा.

आता रकमी जमा. पैसे पाठवताना त्यांनी अमुक बिलापोटी असं कळवलं असेल तर तसंच धरावं लागतं, काही कळवलं नसेल तर कोणत्या बिलाला लावायचं ते तुम्ही ठरवू शकता, करार कायद्याची ५९ आणि ६० कलमं. तुम्ही जुन्या बिलांना लावत आला असाल तर उरलेलं येणं सगळं अलीकडच्या बिलांचं, आणि ते तुमच्या फायद्याचंच आहे. पेमेंटबरोबर आलेले सगळे मेल काढून एकदा बघून घ्या.

डेबिट नोटांचं म्हणाल तर फक्त तुमच्या लेजरवर कोर्ट पैसे देववत नाही, वहीतली नोंद पुरावा असते पण एकटी पुरत नाही. माल पोचवल्याची चलनं काढा, त्यांच्या गेटवरच्या इनवर्डच्या (माल आत आल्याच्या) शिक्क्याची. माझ्याकडच्या एका प्रकरणात पूर्ण लॉट खराब म्हणून डेबिट नोट होती, आम्ही बसून एकेक चलन उलटत होतो तर एकाच्या मागे त्यांच्याच स्टोअरकीपरने पेनाने लिहिलेलं, "१२ नग ओले, बाकी ओके", खाली सही. त्या एका ओळीने अख्खी नोट १२ नगांवर आली. आणि त्या १२चे पैसे आम्ही आधीच सोडून दिले, कारण जे खरंच खराब गेलं ते मान्य केलं की बाकीचं तुमचं म्हणणं जास्त पटतं.

माल पुरवला तेव्हा तुमची उद्यम नोंदणी (छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी) होती का, हे कळवलं नाहीत. असेल तर छोट्या-मध्यम उद्योगांसाठीचा एमएसएमई कायदा २००६ बघा : मालाबद्दलची हरकत १५ दिवसांत लेखी आली नाही तर माल स्वीकारला असं धरतात, तिथे पाच महिन्यांनंतरची नोट फारच लंगडी पडते. करारात काहीही लिहिलेलं असो, ४५ दिवसांपुढची उधारी चालत नाही, म्हणजे तुमचे ६० दिवसही नाहीत, आणि तीन वर्षं पण मग ४५व्या दिवसापासूनच मोजलेली बरी. उशिराला रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागतं. दाद याच कायद्याखाली थकबाकीचे वाद ऐकणाऱ्या फॅसिलिटेशन कौन्सिलकडे मागायची, तिथेही मुदत सांभाळूनच. नोंदणी नसेल तर कमर्शियल कोर्ट, पण ३ लाखांच्या वरच्या दाव्याला, तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल तर, आधी मध्यस्थी करावीच लागते, ती चालते तेवढे दिवस मुदतीत धरत नाहीत.

त्या ईमेलला या आठवड्यात उत्तर द्या. त्यात त्यांना लिहा, "५,१०,००० तुम्हाला मान्य आहेत ते लगेच पाठवा, आणि उरलेल्या ३,३०,०००चा हा ओळीओळीचा तक्ता" : बिल नंबर, चलन नंबर, माल पोचल्याची तारीख, डेबिट नोटची तारीख. "पूर्ण आणि अंतिम" असं लिहिलेल्या कुठल्याही पावतीवर सही करू नका, चेक समोर धरला तरी.