मांदे भाषांचा नकाशा रंगवण्याआधी

अगं,

तुझा मेल वाचला, नकाशाही उघडून बघितला. मेहनत दिसतेय त्यात, खरंच. पण पश्चिम आफ्रिकेत सेनेगलपासून नायजेरियापर्यंतच्या सगळ्या मांदे भाषांना, म्हणजे एका मुळातून आलेल्या या भाषांना, एकच हिरवा रंग दिलायस आणि बाजूला त्यांचा वंशवृक्ष आयता उतरवून घेतलायस, तिथे मी अडले. ते झाड तू स्वतः एकदा करून बघायला हवं, म्हणून एवढं लांबलचक लिहितेय.

आधी अंक घे. मालीतल्या बम्बारात दोन म्हणजे फिला, तीन म्हणजे साबा. गाम्बियाकडच्या मांदिंकात फुला, साबा. सिएरा लिओनमधल्या मेंदेत फेले, सावा. वहीत एकाखाली एक लिही आणि मोठ्याने म्हण, नातं आधी कानाला कळतं. आता दहावर ये. बम्बारात तान, गिनीतल्या सुसूत फू, मेंदेत पू. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मॉरिस देलाफोस या फ्रेंच अभ्यासकाने याच एका शब्दावरून मांदे-तान आणि मांदे-फू असे दोन गट पाडले होते. मोह पडतोच असल्या सोप्या रेषेचा. पण एक शब्द उसना येऊ शकतो, बदलू शकतो, आणि जुना शब्द दोन भाषांनी नुसता जपून ठेवला असेल तर त्यावरून त्या जवळच्या बहिणी आहेत असं अजिबात ठरत नाही, दोघींनी मिळून काहीतरी नवं केलेलं दिसलं तरच फांदी धर. पुढे 1958 मध्ये विल्यम वेल्मर्स या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने पश्चिम आणि आग्नेय अशी मुख्य फाळणी मांडली, आज बहुतेक जण तीच धरून चालतात. बम्बारा, सोनिंके, सुसू, मेंदे, क्पेले या सगळ्या पश्चिमेकडच्या. दान, मानो, गुरो, बिसा या आग्नेय.

आता नकाशा. तुझा हिरवा रंग जिथे सगळ्यात जास्त पसरलाय, गाम्बियापासून माली, बुर्किना फासोपर्यंत, तिथे मांदिंका, मनिंका, बम्बारा, जुला एकमेकींच्या इतक्या जवळ आहेत की बऱ्याच ठिकाणी बोलणाऱ्यांना एकमेकांचं बरंचसं कळतं. तेराव्या शतकात सुंदियाता या राजाने माली साम्राज्य उभं केलं, मग व्यापारी दूरदूर गेले, भाषा त्यांच्याबरोबर गेली. जुला या शब्दाचा अर्थच मुळी व्यापारी. म्हणजे हा पसारा मोठा पण तसा अलीकडचा. उलट लायबेरिया, गिनी आणि आयव्हरी कोस्टच्या जंगलपट्ट्यात दान, मानो, गुरो अगदी थोड्या जागेत आहेत, आणि बम्बारापासून कितीतरी आधी वेगळ्या झालेल्या. तुझ्या नकाशावर तो पट्टा बोटाच्या नखाएवढा दिसतो, झाडावर मात्र त्याची फांदी सगळ्यात खालून फुटते. हे दाखवता आलं पाहिजे गं.

बिसाचं ठिकाण झूम करून बघ. बुर्किना फासोचा दक्षिण भाग आणि घानाचा उत्तर भाग, आजूबाजूला गुर या वेगळ्याच गटातल्या भाषा. त्याहून पूर्वेला बेनिन-नायजेरिया सीमेवर बोको आणि बुसा. ही बेटं आहेत, त्यांना मुख्य पट्ट्याला जोडणारा रंग देऊ नकोस. तसंच वाई आणि कोनो: वाई लायबेरिया-सिएरा लिओनच्या किनाऱ्यावर, कोनो आत सिएरा लिओनच्या पूर्वेला, मध्ये मेंदेसारख्या दुसऱ्या भाषा, आणि तरी या दोघी एकमेकींच्या अगदी जवळच्या. वाईची स्वतःची लिपी आहे, 1830 च्या दशकात मोमोलू दुवालू बुकेलेने तयार केलेली. ती बघच, मला फार आवडते.

व्याकरण सोडू नकोस. "तो पाणी पितो" बम्बारात "आ बे जि मिन", म्हणजे शब्दाला शब्द "तो आहे पाणी पी". कर्म आपल्यासारखंच क्रियापदाच्या आधी, पण काळ दाखवणारा छोटा शब्द कर्त्याला चिकटून पुढे. नकार हवा तर तोच शब्द बदलतो, "आ ते जि मिन". आणि घरात म्हणायचं तर "सो कॉनॉ", आधी घर आणि मग आत, मराठी माणसाला हे पटकन जमतं. ही रचना जवळपास सगळ्या मांदे भाषांत सापडते.

एवढं झालं की झाडाच्या मुळाकडे बघ. अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ ग्रीनबर्गने 1963 मध्ये मांदेला आफ्रिकेतल्या नायजर-काँगो या मोठ्या भाषाकुटुंबात ठेवलं, आणि तू तो बाण ठळक रेषेने काढलायस. पण त्याच कुटुंबातल्या स्वाहिलीसारख्या बांटू भाषांत नामांचे जे वर्ग असतात (आपल्या लिंगांसारखे, पण संख्येने जास्त) ते मांदेत नाहीत, समान शब्दही मोजकेच, त्यामुळे गेरिट डिमेंडालसारखे अभ्यासक मांदेला स्वतंत्र कुटुंब मानतात. मला स्वतःला पुरावा कमी वाटतो. तू तुटक रेष काढ.

आणि एक. 1854 मध्ये कोएले या जर्मन मिशनऱ्याने पॉलिग्लोट्टा आफ्रिकाना हा आफ्रिकी भाषांतल्या शब्दांचा संग्रह छापला, त्यातले शब्द त्याने सिएरा लिओनमधल्या फ्रीटाऊनमध्ये दोनशेहून जास्त लोकांना विचारून लिहून घेतले. त्यातले बहुतेक गुलामीतून सुटून तिथे आलेले, घर कायमचं सुटलेलं. त्यांनी सांगितलेले दोन, तीन, पाणी, आई हे शब्द आपण आजही तुलनेला घेतो, तेव्हा अंकांची ती यादी करताना घाई करू नकोस.

रविवारी ये, वही घेऊन ये, लॅपटॉप नको. दान आणि मानोचे अंक आपण एकत्र बसून लावू.

तुझी
मॅडम